कोरी जीभ

तो माझ्याशी बोलला ते पहिलं वाक्य मला अजिबात कळलं नाही.

दुपार होती. सकाळपासून पावसाची रिपरिप चालू होती. मॅडम जेवायला गेल्या होत्या आणि मी एकटीच टेबलामागे बाटल्या पुसत बसले होते. दार ढकलून एक उंच माणूस आत आला. एका हातानं गाल धरलेला, केसांतून पाणी ठिबकतंय. माझ्याकडे बघून तो अगदी गंभीरपणे म्हणाला, "थोळं वहलं तय चायेय का?"

मला दया आली. आमच्याकडे येणारी निम्मी माणसं अशीच यायची, गळा दाटलेली, शब्द फुटत नसलेली.

"या ना, बसा," मी मऊ आवाजात म्हटलं. "घाई करू नका. इथे सगळेच असे येतात."

त्यानं चमकून माझ्याकडे पाहिलं. पण बसला.

आमचं काम आठवणींचं होतं. कुणी यायचं आणि सांगायचं, मला माझ्या लहानपणचा अमुक दिवस पुन्हा हवाय, त्या दिवशी मी तमुक खाल्लं होतं. मग ती चव मी थेंबाथेंबानं जुळवायची आणि यंत्रातून तिचा एक पापुद्रा काढायचा, कांद्याच्या सालीहून पातळ. तो जिभेवर ठेवला की आधी चव यायची, आणि चवीच्या मागोमाग तो दिवस... उजेड, आवाज, माणसं, सगळं. यंत्राला कंपनीनं दिलेलं नाव लांबलचक होतं. मी त्याला 'जिव्हाळा' म्हणायचे. जिव्हेचं काम, म्हणून जिव्हाळा. मॅडमना हा विनोद मुळीच आवडायचा नाही, पण नाव मात्र त्यांच्याही तोंडी बसलं होतं.

नवीन माणूस आला की आधी त्याची जीभ तपासायची असा नियम. मी मिठाचा पापुद्रा काढला.

"जीभ बाहेर काढा. हं... काय लागतंय?"

त्यानं मान हलवली. काहीच नाही.

मी लिंबाचा दिला. काहीच नाही. मग कडू, चांगला जहाल कडू, ज्यानं भले भले लोक खुर्चीतून उठतात. हा आपला शांतपणे बसून माझ्याकडे बघतोय! जिव्हाळा बिघडला की काय? मी घाईघाईनं तोच पापुद्रा स्वतःच्या जिभेवर ठेवला.

माझं तोंड कसं झालं असेल ते मला माहीत नाही. पण तो हसला, अर्ध्याच तोंडानं! उजवा गाल हसत होता आणि डावा मात्र जागचा हलला नव्हता. मग तो उठला, खिडकीशी गेला आणि वाफ धरलेल्या काचेवर बोटानं एकच शब्द लिहिला — 'दात'. त्या शब्दाच्या डोक्यावर एक बाण काढला, वर जाणारा.

वरच्या मजल्यावर दातांचा दवाखाना होता.

"अहो, मग आधी सांगायचं नाही का!"

"हांगितयं," तो म्हणाला.

बाहेर जोराची सर आली होती, म्हणून मी त्याला बसू दिलं. हळूहळू त्याचा गाल जागा होत गेला आणि शब्द एकेक करून ताळ्यावर आले. त्याच्या तोंडून निघालेला पहिला स्वच्छ शब्द होता, "काच."

"काय?"

"तुमची काच तडकलीय. खालच्या कोपऱ्यात. पाणी आत झिरपतंय." त्यानं तड्यावरून अंगठा फिरवला, दुखऱ्या जागेवरून फिरवावा तसा. "मी काचा बसवतो. उद्या येऊ?"

मला हो म्हणायचा अधिकार नव्हता. मी हो म्हटलं.

•

दुसऱ्या दिवशी तो काच पाठीवर बांधून आला. काम करताना तो गप्प असायचा आणि काम थांबलं की नुसता बडबडायचा. मला त्यानं लगेच नाव ठेवून टाकलं, 'चवबाई'. मीही त्याला काचवाला म्हणू लागले. खरी नावं नंतर कळली, पण तोवर ही जास्त खरी झाली होती.

"चवबाई, एक विचारू? तुमच्या स्वतःच्या जिभेवर तर आठवणींची जत्रा भरलेली असेल."

"एकही नाही," मी जरा तोऱ्यातच म्हटलं. "माझी जीभ कोरी आहे. या कामाला तशीच लागते."

"कोरी!" त्यानं भुवया उंचावल्या. "एवढं बोलते तरी?"

मी हातातलं फडकं त्याच्या अंगावर फेकलं. त्यानं ते झेललं आणि त्याच फडक्यानं नवी काच पुसली. काच इतकी स्वच्छ झाली की ती आहे की नाही असं वाटावं. पलीकडे रस्ता, ओल्या छत्र्या, वळणावरची ट्राम... तो तिथेच उभा राहिला. निघायची चिन्हं दिसेनात.

"माझ्या बाबांना आणू इथे?" तो एकदम म्हणाला. या वेळी आवाजात थट्टा नव्हती.

•

त्याचे बाबा जन्मभर ट्रामवर कंडक्टर होते. निवृत्त झाले तरी सवय गेली नव्हती. आमच्या छोट्या खोलीत आले तेच मुळी "पुढे सरका, पुढे सरका" करत. मी पाण्याचा पेला दिला तर म्हणाले, "सुट्टे नाहीत हं माझ्याकडे!" पण खुर्चीत बसल्यावर त्यांचा चेहरा उतरला.

"पोरी, हिची आई जाऊन पुष्कळ वर्षं झाली."

"ह्याची, बाबा," काचवाला म्हणाला.

"तेच ते. घरात तिचे फोटो आहेत, नाही असं नाही. पण सगळे लग्नानंतरचे. मला ती पहिल्या दिवशीची हवी. तेव्हा फोटो कुठला! तो चेहरा इथे होता," त्यांनी कपाळाला बोट लावलं. "हल्ली आठवायला गेलो की फोटोतला चेहरा मध्ये येऊन उभा राहतो, आडवा. आणि डॉक्टर म्हणतात की हळूहळू आणखी पुसट होत जाईल."

ट्रामच्या आगारातला एक बाक. पाऊस. तिची ट्राम चुकलेली, ह्यांची पाळी संपलेली. तिनं पिशवीतून एक सफरचंद काढलं, दोन तुकडे केले आणि अनोळखी माणसाला अर्धं दिलं. एवढंच त्यांना ठाऊक होतं.

"चव आठवते, काका?"

"आंबट. आणि... अजून काहीतरी. ते अजून काहीतरी काय, ते नाही सांगता येत गं."

मी हिरव्या सफरचंदाची चव जुळवली. पापुद्रा जिभेवर ठेवून काकांनी डोळे मिटले. काचवाला भिंतीला टेकून उभा होता. तो श्वाससुद्धा जपून घेत होता.

"बाक दिसतोय," काका पुटपुटले. "पाऊस... तिचे हात. हिरव्या बाह्या. बोटाला कसलीशी पट्टी... चेहरा... चेहरा नाही येत."

चव अपुरी असली की आठवणही अपुरी येते. मी आंबटपणा वाढवला, गोडी कमी केली, पावसाच्या पाण्याचा एक थेंब टाकला. पण बाह्यांच्या वर काही दिसेना. काकांनी डोळे उघडले आणि माझ्या हातावर थोपटलं. जणू धीर मलाच द्यायचा होता.

"राहू दे. हिरव्या बाह्या मी विसरलोच होतो. तेवढ्या तर मिळाल्या!"

जिन्यात काचवाला मागे रेंगाळला. "त्या वेळची सफरचंदं वेगळी असतील का? आता मिळतात ती सगळी चकचकीत, एकाच आईची लेकरं असल्यासारखी."

"असतीलही."

"मग शोधू या? म्हणजे... मी शोधतो. पण खाऊन कोण बघणार? माझ्या जिभेचं तुम्ही बघितलंत ना."

"ती औषधानं बधिर होती."

"ती एरवीही यथातथाच आहे," तो म्हणाला आणि इतका निरागस चेहरा केला की मला खोटं लगेच कळलं. कळूनही मी बोलले नाही.

•

मग आम्ही सफरचंदं शोधत फिरलो. सुट्टीच्या दुपारी, संध्याकाळी काम लवकर संपलं तर तेव्हाही. नदीपलीकडचा बाजार, टेकडीवरच्या बागा, एका म्हातारीच्या परसातलं वाकडं झाड. तो सफरचंद शर्टाला घासायचा, चाकूनं फोड करायचा आणि मी चाखून सांगेपर्यंत माझ्या तोंडाकडे बघत राहायचा.

"असं बघितलं की मला चव कळत नाही."

"कसं?"

"असं!"

"बरं. तिकडे बघतो." तो तिकडे बघायचा, आणि मग मला वाटायचं, इकडे का बघत नाही.

एकदा पुलाच्या कठड्याशी बसलो होतो. खाली पाणी मातकट, वर आभाळ भरलेलं. तो म्हणाला, "मी आजवर कुठल्या मुलीला एवढी आंबट सफरचंदं खायला घातली नाहीत."

"आणि गोड?"

"गोड..." त्यानं आठवायचं नाटक केलं. "गोडसुद्धा नाहीत. पुढच्या वेळी कुठे जायचं ते तुम्ही... तू ठरव."

"काय म्हणालात?"

"तू."

"ऐकलं होतं मी. पुन्हा ऐकायचं होतं."

त्याच्या शर्टाचं वरचं बटण तुटून लोंबत होतं. मी ते बोटानं उगाचच फिरवलं आणि लगेच हात मागे घेतला. त्यानंही उगाचच घसा खाकरला.

घरी माझी आत्या होती. आईवडिलांच्या मागे तिनंच मला सांभाळलं होतं, आणि तिच्या तोंडात तीळ भिजत नसे. स्वयंपाकघरातली टोपली दाखवून ती म्हणाली, "बयो, सफरचंदं कुजायला लागलीत. एक तर जॅम कर, नाही तर लग्न कर. काहीतरी एक उरक."

"आत्या, कामासाठी आहेत ती!"

"हो का? मग काम आरशासमोर उभं राहून कशाला करतेस?"

असे ते दिवस होते. आणि मग एका संध्याकाळी, बाजारातल्या एका दुकानाच्या छपराखाली पावसातून आडोशाला उभे असताना, मी नेहमीसारखी पर्समधून ती छोटी बाटली काढली, घोटभर तोंडात घेतलं, चूळ भरली आणि बाजूच्या गटारात टाकली.

"हे काय?" त्यानं विचारलं.

"कोरं पाणी."

"म्हणजे?"

मी सरळपणे सांगून टाकलं. दुसऱ्याची चव जुळवताना स्वतःच्या आठवणी मध्ये आल्या तर घोटाळा होतो. म्हणून रोज संध्याकाळी या औषधी पाण्यानं चूळ भरायची. मग चव जिभेपुरतीच राहते आणि तिला कुठलीही आठवण चिकटत नाही. नवीही नाही, जुनीही नाही.

छपरावरून पाण्याची धार पडत होती.

"म्हणजे त्या दिवशी पुलावर खाल्लेलं सफरचंद पुन्हा कधी समोर आलं, तर तुला..."

"सफरचंदच लागेल. पण मला सगळं आठवतं हं! पूल, पाणी, तुझं बटण. फक्त... चवीला धरून नाही."

"रोज?"

"रोज."

"मी दिवसभर काचा पुसतो," तो हळूच म्हणाला. "आणि तू रोज संध्याकाळी मला पुसतेस."

तो रागावला असता तर मी भांडले असते. तो रागावला नाही. त्यानं मला छत्रीखाली ट्रामपर्यंत पोचवलं, "सांभाळून जा" म्हणाला आणि वळला. त्याचा डावा खांदा पूर्ण भिजलेला होता. छत्री सगळी माझ्यावर धरली होती.

•

त्यानंतर तो आला नाही.

मी जेवताना गप्प. आत्यानं दोन दिवस सहन केलं, तिसऱ्या दिवशी ताट बाजूला सारलं. "काय झालं ते सांगशील, की मी त्या काचवाल्याच्याच दुकानात जाऊन विचारू?"

मी सांगितलं. ऐकून ती बराच वेळ टेबलावरचे पावाचे कण गोळा करत राहिली.

"ते पाणी का घेतेस, हे सांगितलंस त्याला?"

"कामासाठी. सांगितलं की."

"कामासाठी!" आत्यानं माझ्याकडे पाहिलं. तिच्यापुढे माझं कधीच काही लपलं नव्हतं.

माझे बाबा शेवटी पुष्कळ दिवस इस्पितळात होते. मी त्यांच्या उशाशी असायचे आणि खोलीबाहेरच्या लांबलचक बोळातल्या यंत्राचा चहा प्यायचे. पेल्यामागून पेले. ते गेल्यानंतर मला चहा पिववेना. एक घोट घेतला की तो बोळ यायचा, फिनेलचा वास, बाबांचं बारीक झालेलं मनगट. मग कॉफीतही तो बोळ आला. मग दुधातही. माझं खाणंच तुटलं. तेव्हा मला या कामाची माहिती मिळाली, कोऱ्या पाण्याची मिळाली. पहिल्या आठवड्यातच चहा नुसता चहा झाला. मी खडखडीत बरी झाले.

"तेव्हापासून मी एकदाही रडले नाही, आत्या."

"नाही रडलीस," ती म्हणाली. "पण तुझ्या बापाची गोष्ट काढून हसलीसही नाहीस. त्याचं नाव निघालं की उठून भांडी आवरतेस."

मी उठले होते. माझ्या हातात भांडी होती.

•

दुसऱ्या दिवशी दुपारी मी त्याच्या दुकानात गेले. भिंतींना टेकून काचाच काचा उभ्या, आणि प्रत्येकीत मी, गोंधळलेली, हातात मिटलेली छत्री. तो एका मोठ्या काचेवर वाकून रेघ ओढत होता. मला बघून हात थांबला.

"काच कापताना बोलत नाही मी," तो म्हणाला. "वाकडी जाते."

"मग काप आधी."

त्यानं कापली. सरळ गेली. मग मी उभ्याउभ्याच सगळं सांगितलं. बाबा, बोळ, चहा. मध्येच आवाज फुटला तर थांबले, पुन्हा बोलले. तो ऐकत राहिला. शेवटी पुढे आला, पण हात तेलकट होते म्हणून ते त्यानं मागेच धरले.

"मग नको सोडूस ते पाणी," तो म्हणाला.

"काय?"

"मला माहीत नव्हतं. मी आपलं उचलली जीभ आणि लावली टाळ्याला. एवढं दुखत असेल तर घे रोज. मी पुसलो गेलो तरी चालेल. पुन्हा येईन दुसऱ्या दिवशी."

माझ्या डोळ्यांत पाणी यायला लागलं तशी त्याची धांदल उडाली. "बस ना. काही खाल्लंयस का? थांब..." फळीवर एकच सफरचंद होतं, आमच्याच भटकंतीतलं उरलेलं. चाकू सापडेना. शेवटी त्यानं कामाची सुरी उचलली, विजारीला पुसली आणि फोड कापून माझ्या हातात दिली.

मी खाल्ली. आणि थांबले.

"हे काय लावलंस?"

"काही नाही! तसंच कापलं... अरे, सुरीला तेल असेल. काच कापायच्या चाकाचं. थुंक, थुंकून टाक!"

मी थुंकले नाही. आंबट, आणि आंबटाच्या मागे, जिभेच्या अगदी कडेला, काहीतरी गार... लोखंडासारखं, जरा तेलकट. सफरचंदाचं नसलेलं काहीतरी. *अजून काहीतरी.*

"तुझी आई काय काम करायची?"

"आई? शिवणकाम. का?"

"आणि बाकावर बसून सफरचंद कापलं कशानं तिनं?"

तो माझ्याकडे बघत राहिला. मग त्याचे डोळे हळूहळू मोठे झाले.

"कात्री," तो म्हणाला. "तिच्या पिशवीत कायम कात्री असायची. मशीनच्या तेलानं माखलेली."

आम्ही किती शहाणे! गावभरची सफरचंदं चाखत फिरलो आणि कापलं कशानं, हे कुणाच्या डोक्यातच आलं नव्हतं.

•

काका आले तेव्हा या वेळी "पुढे सरका" म्हणाले नाहीत. मी शिवणयंत्राच्या तेलाची चव एवढीशी घातली होती, सुईच्या टोकावर मावेल इतकी, आणि तिच्याबरोबर लोखंडाची. पापुद्रा मी त्यांच्या जिभेवर ठेवला. मॅडमसुद्धा दारात येऊन उभ्या राहिल्या होत्या.

काही क्षण काहीच नाही. मग काकांच्या ओठांचे कोपरे हलले.

"अरे देवा... किती आंबट!" ते कुजबुजले. "मी म्हटलं, गोड आहे हो. ती... ती हसली. आत्ता हसली." त्यांचे मिटलेले डोळे भिजले. "म्हणते, 'खोटं बोलू नका, तुमचं तोंड बघा कसं झालंय!' समोरचे दोन दात जरा पुढे आहेत. नाकावर पावसाचा थेंब. तो थेंब पडतच नाहीये... पडला. पडला बघा!"

काचवाल्यानं माझा हात कधी धरला मला कळलं नाही. फार घट्ट धरला होता.

पापुद्रा विरघळून गेल्यावरही काका बराच वेळ डोळे मिटून बसले. मग उठले, टोपी घातली. मी विचारलं, "काका, अजून एक काढून देऊ? घरी ठेवायला?"

"नको गं पोरी. भेटली, झालं. रोज बोलावली तर वैतागेल ती," ते म्हणाले. जिना उतरताना ते शीळ घालत होते.

ते गेल्यावर मी मॅडमपुढे उभी राहिले. "आजपासून मी चूळ भरणार नाही."

मॅडमनी चष्मा काढला. "मग चवी जुळवता येणार नाहीत. बाटल्यांना हात लावता येणार नाही. तुझ्यासारखी जीभ मला दुसरी मिळायची नाही, हे लक्षात आहे ना?"

"आहे. आज तिचा उपयोग झाला, याचा आनंद आहे मला. पण आता मला माझी जीभ हवी. आलेल्या माणसांशी बोलायचं काम द्या. ते मला जमेल."

"ते तर तू आत्ताही थांबवत नाहीस," मॅडम म्हणाल्या. याहून मोठं कौतुक मी त्यांच्या तोंडून कधी ऐकलं नव्हतं.

•

पहिले काही दिवस काहीच झालं नाही. मला वाटलं, कोऱ्या पाण्यानं जीभ कायमचीच कोरी केली. मग एका सकाळी आत्यानं चहाचा पेला पुढे ठेवला, मी घोट घेतला आणि तो बोळ आला.

सगळाच्या सगळा आला. फिनेल, फरशीवरचा पांढरा उजेड, ते मनगट. मी पेला खाली ठेवला आणि टेबलावर डोकं टेकून रडले, इतक्या वर्षांचं एकदम. आत्यानं खुर्ची जवळ ओढली. नुसती शेजारी बसून माझ्या पाठीवरून हात फिरवत राहिली. बऱ्याच वेळानं म्हणाली, "निवलाय. दुसरा करू?"

"नको. हाच पिते."

आणि गार चहाच्या दुसऱ्या घोटाला बाबा आले. इस्पितळातले नाहीत. ते माझ्या शाळेच्या दिवसांतले होते, मी बघत नाही असं समजून माझं बिस्किट स्वतःच्या चहात बुडवणारे. बिस्किट तुटून आत पडायचं आणि ते चमच्यानं गुपचूप शोधत बसायचे. त्या बोळाच्या मागे माझं अख्खं बालपण उभं होतं आणि मी इतकी वर्षं दार लावून बसले होते. मी आत्याला बिस्किटाची गोष्ट सांगायला लागले आणि दोघी हसायला लागलो. रडतच होतो, पण हसत होतो.

तेवढ्यात दार वाजलं. काचवाला. हातात पाव आणि कागदात गुंडाळलेलं काहीतरी. माझे सुजलेले डोळे बघून तो उंबऱ्यातच थबकला.

"मी नंतर येऊ?"

"नाही. ये." मी त्याला आत घेतलं, समोर बसवलं आणि सांगितलं — पाणी सोडलं, बोळ आला, बाबाही आले. आत्या पटकन उठून आत गेली. तिला एवढ्या झटपट उठताना मी कधी पाहिलं नव्हतं.

तो खुर्चीच्या कडेवर बसला होता. "माझ्यासाठी सोडलंस?" त्यानं फार हळू विचारलं.

"नाही. माझ्यासाठी." मी थांबले. "तुझ्यासाठी दुसरं सांगायचंय. मला तू आवडतोस. म्हणजे... नुसता आवडत नाहीस. तू आला नाहीस ते सगळे दिवस मला चव होती आणि भूक नव्हती."

त्यानं टेबलावरचा माझा हात हातात घेतला. त्याच्या बोटांना काचेचे बारीक ओरखडे होते.

"मला बोलता येत नाही नीट," तो म्हणाला.

"आज तर गाल बधिर नाही."

"आहे. सगळाच बधिर आहे मी." तो हसला, या वेळी पूर्ण तोंडानं. मग जरा लाजत, खाली बघत म्हणाला, "आणि मी? मी कशाच्या चवीला आठवेन तुला?"

मी विचार केला. खोटं बोलायचं नव्हतं.

"अजून नाही सांगता येत. एका सफरचंदात मावणारा नाहीस तू. त्यासाठी पुष्कळ वर्षं एकत्र जेवावं लागेल."

त्याचा अंगठा माझ्या बोटांवरून फिरत राहिला. "सकाळचं की रात्रीचं?"

"दोन्ही वेळचं."

आतून भांड्यावर झाकण आपटल्याचा आवाज आला आणि पाठोपाठ आत्याचा, "मग बसा की आता! सगळं निवून चाललंय."